अमाका इग्वे आणि नॉलीवूड: लेखिका निर्माती का झाली? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नायजेरियाच्या सिनेमाचा विषय काढला की पहिला प्रश्न हमखास येतो, "तिकडे सिनेमे होतात?" होतात, आणि संख्येने भरपूर होतात. त्यानंतरचे प्रश्नही साधारण तेच असतात, म्हणून ते इथे एकत्र केले आहेत. उत्तरं देताना मी पुन्हा पुन्हा अमाका इग्वे यांच्याकडे वळते. त्या मुळात लेखिका होत्या. लिहिलेलं पडद्यावर पोचावं म्हणून त्या निर्मात्या झाल्या, आणि मला या सगळ्या उद्योगाचा इतिहास त्यांच्या वाटचालीतून सर्वांत स्पष्ट दिसतो.

अमाका इग्वे कोण होत्या?

नायजेरियातल्या लेखिका, निर्मात्या आणि दिग्दर्शिका. जन्म २ जानेवारी १९६३, पोर्ट हारकोर्ट. इफेच्या विद्यापीठातून पदवी, पुढे इबादान विद्यापीठातून ग्रंथालय आणि माहितीशास्त्रात पदव्युत्तर शिक्षण. म्हणजे फिल्म स्कूल वगैरे काही नाही. 'चेकमेट' ही दूरचित्रवाणी मालिका, तिच्यातूनच निघालेली 'फुजी हाउस ऑफ कमोशन', आणि 'रॅटलस्नेक' (१९९५) व 'व्हायोलेटेड' (१९९६) हे व्हिडिओ सिनेमे ही त्यांची मुख्य कामं. २८ एप्रिल २०१४ रोजी एनुगू इथे दम्याच्या झटक्याने त्या गेल्या. वय होतं ५१. त्यांच्या ५७व्या जयंतीला, २०२० साली, गूगलने आपल्या मुखपृष्ठावर त्यांचं चित्र लावलं. 

नॉलीवूड म्हणजे नक्की काय?

नायजेरियाच्या चित्रपटउद्योगाला पडलेलं नाव. २००२ साली न्यूयॉर्क टाइम्समधल्या एका लेखात ते छापून आलं आणि जगभर पसरलं. तिथल्या अनेकांना ते आवडत नाही. आपल्याकडे 'बॉलीवूड' शब्दावर कपाळाला आठ्या घालणारे जुने लोक आहेत, त्यांची तक्रारही साधारण अशीच असते: नाव बाहेरच्यांनी दिलं, आणि एका शब्दात सगळ्या भाषा गुंडाळल्या.

खरोखरच तिथे एक उद्योग नाही, अनेक आहेत. दक्षिणेत इंग्रजी, इग्बो आणि योरुबा सिनेमा, उत्तरेला कानो शहरात हौसा भाषेतला. संख्येचा अंदाज यावा म्हणून युनेस्कोने गोळा केलेली २००६ सालची आकडेवारी सांगते: भारत १०९१ चित्रपट, नायजेरिया ८७२, अमेरिका ४८५. नायजेरियाचे ते सगळे व्हिडिओवर चित्रित झालेले होते.

लेखिकेला निर्माती व्हावंच का लागलं? नुसतं लिहून भागलं नसतं का?

नसतं भागलं. त्यासाठी १९८०च्या दशकात जावं लागेल.

तेलाचे भाव कोसळले आणि १९८६ साली नायजेरियाने आर्थिक पुनर्रचनेचा कार्यक्रम स्वीकारला. नायराची, म्हणजे तिथल्या चलनाची, किंमत घसरत गेली. सिनेमाची कच्ची फिल्म परदेशातून यायची, तिच्यावरची प्रक्रियाही बहुतेक परदेशात व्हायची, आणि त्याचे पैसे डॉलर-पौंडात मोजावे लागत. फिल्मवर सिनेमा काढणं जवळजवळ बंद पडलं. शहरांत रात्री बाहेर पडणं धोक्याचं झालं होतं, त्यामुळे चित्रपटगृहं ओस पडली. काहींची गोदामं झाली, काहींची प्रार्थनास्थळं.

उरली दूरचित्रवाणी. नायजेरियन टेलिव्हिजन ऑथॉरिटी, म्हणजे एनटीए ही सरकारी वाहिनी, पूर्वी स्वतःच्या मालिका करायची. हात आखडले तशी तिने ती जबाबदारी बाहेरच्यांवर टाकली. बाहेरच्या माणसाने मालिका करायची, प्रायोजकही त्यानेच शोधायचा, आणि पुष्कळदा वाहिनीवरच्या वेळेचे पैसेही त्यानेच भरायचे.

आता लेखकाच्या जागी उभं राहून बघा. तुमच्याकडे पन्नास भागांची गोष्ट आहे. ती वाचायला बसलेला संपादक नाही, विकत घेणारा विभाग नाही. आहे तो साबण किंवा दूध पावडर विकणाऱ्या कंपनीचा जाहिरात अधिकारी. त्याच्यासमोर गोष्ट सांगायची, पैसे उभे करायचे, नट जमवायचे, चित्रण करून टेप वाहिनीकडे पोचवायची. ही सगळी कामं करणाऱ्याला निर्माता म्हणतात. लेखकाने ती केली नाहीत तर वही कपाटात राहते. अमाका इग्वेंनी ती केली. म्हणून त्यांचं निर्माती होणं मला 'बढती' वाटत नाही, लिहिण्याचाच पुढचा टप्पा वाटतो.

'चेकमेट'मध्ये असं काय होतं?

१९९१ ते १९९४ या काळात एनटीएवर चाललेली ही इंग्रजी मालिका. मध्यवर्ती पात्र अ‍ॅन हात्रोप, घराण्याचा मोठा उद्योग सांभाळायला उभी राहिलेली तरुण स्त्री. ही भूमिका एगो बोयो यांनी केली. समोर रिचर्ड मोफे-दामिजो. लष्करी राजवटीचा तो काळ होता, आणि दर आठवड्याला घराघरांत एक बाई कंपनीच्या मुख्य खुर्चीत बसून निर्णय घेताना दिसत होती. त्याच सुमारास व्हिडिओ सिनेमांत बाईला पैशाची हावरी किंवा सोशीक बायको एवढ्याच जागा मिळत होत्या. अ‍ॅन हात्रोप या दोन्हींत बसत नाही. हा फरक लेखणीतून आला, पैशातून नव्हे.

याच मालिकेतलं एक पात्र म्हणजे चीफ फुजी. चार बायका, घरभर मुलं, आणि सतत कुणाचं तरी कुणाशी बिनसलेलं. कुन्ले बामतेफा यांनी तो असा रंगवला की त्याच्या घराचीच स्वतंत्र मालिका झाली. 'फुजी हाउस ऑफ कमोशन' पुढे बरीच वर्षं चालली. चांगला निर्माता दुय्यम पात्रातली ताकद ओळखतो, आणि इथे ओळखणारी व्यक्ती ते पात्र लिहिणारीच होती.

कॅसेटवर थेट सिनेमा विकायची कल्पना कुठून आली?

साधारणपणे १९९२च्या 'लिव्हिंग इन बॉन्डेज'पासून हा हिशेब धरतात. त्याआधी योरुबा फिरत्या नाटक कंपन्यांनी व्हिडिओवर खेळ चित्रित करून विकायला सुरुवात केली होती, हे विसरू नये. त्या कंपन्या म्हणजे आपल्या तमाशाच्या फडांसारख्याच, गावोगाव फिरणाऱ्या.

'लिव्हिंग इन बॉन्डेज'मागे दोन माणसं. ओकेचुक्वू ओगुन्जिओफोर यांनी दूरचित्रवाणीचं रीतसर शिक्षण घेतलं होतं, डोक्यात गोष्ट होती, खिशात पैसे नव्हते. केनेथ न्नेबुए हे व्हिडिओ कॅसेटच्या धंद्यातले व्यापारी. न्नेबुएंकडे कोऱ्या कॅसेटचा मोठा साठा पडून होता आणि त्यावर काहीतरी भरून विकावं म्हणून त्यांनी पैसे घातले, असं सांगितलं जातं. इग्बो भाषेतला हा सिनेमा. अँडी नावाचा तरुण झटपट श्रीमंत होण्यासाठी एका गुप्त पंथात शिरतो, तिथे बायकोचा बळी देतो, आणि मग तिचं भूत त्याची पाठ सोडत नाही. नायरा कोसळत असताना काही लोक अचानक गब्बर कसे होतात, हा प्रश्न तेव्हा लोकांना छळत होता. गोष्टीने नेमकी तीच नस पकडली.

या सिनेमात ओगुन्जिओफोर लेखनात होते, निर्मितीतही होते आणि पडद्यावरही. म्हणजे लेखकाने निर्मितीला हात घालणं या उद्योगाच्या पहिल्या दिवसापासून चालत आलेलं आहे.

'मार्केटर' हा शब्द सारखा येतो. तो कोण?

सिनेमाच्या कॅसेट विकणारा आणि सिनेमाला पैसा पुरवणारा व्यापारी. नॉलीवूडच्या पहिल्या वीस वर्षांत खरी सत्ता याच माणसाकडे होती. लागोसमधलं इडुमोटा, पुढे अलाबाचा इलेक्ट्रॉनिक्स बाजार, ओनित्शाचा इवेका रोड, आबाचा पाउंड रोड, ही त्याची ठिकाणं. बहुतेक मार्केटर मूळचे टीव्ही, रेडिओ, कॅसेट विकणारे. मुंबईकरांनी लॅमिंग्टन रोड डोळ्यांसमोर आणावा. छोटा गाळा, छतापर्यंत रचलेल्या कॅसेट आणि नंतर सीड्या, दर्शनी भिंतीवर पोस्टरं, पोस्टरवर रडणारे, ओरडणारे, बोट रोखलेले मोठाले चेहरे. गाळ्यात लावलेल्या टीव्हीवर नवा सिनेमा चालू, आणि घाऊक गिऱ्हाईक पोत्यात माल भरून गावाकडे निघालेलं.

बँक कर्ज देत नव्हती, म्हणून सिनेमाला पैसा याच गाळ्यातून यायचा. ज्याचा पैसा त्याचं म्हणणं. नायिका कोण, पोस्टरवर कुणाचा चेहरा, गोष्टीत जादूटोणा हवा का, हे तो ठरवायचा. एका गोष्टीचे दोन भाग करा, दोन्ही वेगळे विका, हेही त्याचंच. दोन भागांच्या त्या सक्तीने किती पटकथांचा कणा मोडला असेल याचा विचार केला की मला वाईट वाटतं. पहिल्या भागाच्या शेवटाला काहीतरी लटकतं ठेवायचं म्हणून मधला अर्धा तास नुसता ताणलेला असतो, हे बघताना लगेच कळतं.

या सत्तेचा अंदाज यायला एकच घटना पुरे. मानधन फार मागतात म्हणून २००४ साली मार्केटरांनी आठ आघाडीच्या कलाकारांवर बंदी घातली. त्यात जेनेव्हिव्ह न्नाजी होत्या, रॅम्सी नोआ होते, रिचर्ड मोफे-दामिजोही होते. प्रेक्षकांच्या लाडक्यांना जिथे घरी बसवता येतं, तिथे लेखकाला कोण विचारतो?

पण मार्केटरला नुसता खलनायक करणं मला पटत नाही. सरकार, बँका, परदेशी संस्था कुणीही पैसे देत नव्हतं तेव्हा याच दुकानदारांनी गावखेड्यापर्यंत पोचणारं वितरणाचं जाळं उभं केलं. त्याशिवाय हा सिनेमा जन्मलाच नसता.

लेखकाला पैसे कसे मिळायचे?

बहुधा एकरकमी. पटकथा दिली, पैसे घेतले, विषय संपला. पुढे कॅसेट कितीही खपो, आफ्रिकाभर किंवा लंडनच्या पेकहॅममधल्या दुकानांत पोचो, लेखकाचा त्यात वाटा नाही. नकली प्रती निघाल्या तर नुकसान मार्केटरचं, पण ते कारण पुढे करून पुढच्या पटकथेचा भाव पाडला जायचा. मालकी हवी असेल तर निर्मितीत उतरणं हा एकच सरळ मार्ग होता.

निर्माता झाल्यावर लेखकाचा हात आखडतो का?

हा माझा सर्वांत आवडता प्रश्न. समजा, पटकथेत लिहिलं आहे: रात्र, बाहेर, पाऊस, पाचशे पाहुण्यांचं लग्न. नुसता लेखक हे एका ओळीत लिहून मोकळा होतो. निर्मात्याला त्या ओळीत पाण्याचे टँकर, दिवे, जनरेटर, डिझेल, पाचशे जणांचं जेवण आणि उद्या सकाळी घरमालकाला परत द्यायचा बंगला दिसतो. लेखक आणि निर्माता एकच असेल तर तो पुन्हा लिहायला बसतो. बैठकीची खोली. बाई एकटी, पलंगावर नवी साडी नव्हे, तर लग्नासाठी शिवून घेतलेलं झगमगीत कापड तसंच घडी घातलेलं. लांबून ढोलांचा आवाज. दारावर थाप. ती उठत नाही. खर्च कमी झाला, आणि प्रसंग धारदार झाला.

जुने नॉलीवूड सिनेमे पाहिलेत तर एक चित्र पुनःपुन्हा दिसेल. मोठं लोखंडी फाटक, बाहेर गाडीचा हॉर्न, रखवालदार धावत येऊन फाटक उघडतो, गाडी सावकाश आत येते. हे प्रसंग लांबलचक असतात, नवखा प्रेक्षक कंटाळतो. पण एक भाड्याची गाडी, एक फाटक आणि एक माणूस एवढ्यात घराची श्रीमंती, मालकाचा तोरा आणि नोकराची जागा सगळं सांगून होतं. टंचाईतून घडलेली ती एक भाषा आहे. अमाका इग्वेंच्या कामाचं कौतुक तिथे होतं ते या टंचाईतही कथेची बांधणी आणि तांत्रिक सफाई सोडली नाही म्हणून.

त्यांचे ते दोन सिनेमे कशावर आहेत?

'रॅटलस्नेक'मध्ये बाप मरतो, काका मालमत्ता गिळतो, आणि अहान्ना नावाचा मुलगा हळूहळू गुन्हेगारीत ओढला जातो. काकाने पुतण्याचं बळकावणं ही गोष्ट आपल्याला नवी नाही, शनिवारवाड्यात ती वेगळ्या रूपात घडून गेली आहे. 'व्हायोलेटेड' ही प्रेमकथा आहे, पण तिच्या तळाशी नायिकेवर लहानपणी झालेला अत्याचार आहे. १९९६ साली, घराघरांत कुटुंबासह बसून पाहिल्या जाणाऱ्या कॅसेटसाठी हा विषय निवडणं धाडसाचं होतं. मार्केटरच्या तोंडाकडे बघत लिहिणाऱ्याने तो निवडला असता असं मला वाटत नाही.

सिनेमा सोडून त्यांनी बाकीचे व्याप का केले?

त्यांनी स्वतःचा स्टुडिओ काढला, लागोसमध्ये टॉप रेडिओ ही एफएम वाहिनी सुरू केली, आणि 'बॉबटीव्ही' नावाचा चित्रपट व दूरचित्रवाणी कार्यक्रमांचा खरेदी-विक्री मेळा अबुजात भरवला. ऐकायला हे विखुरलेलं वाटतं. पण कारण सरळ आहे. चांगलं काम करूनही ते विकायला इडुमोटाचाच गाळा असेल तर काय उपयोग? जिथे वाहिन्या, वितरक, बाहेरचे खरेदीदार आणि निर्माते समोरासमोर बसतील अशी दुसरी पेठ हवी, म्हणून मेळा. २०११ साली त्यांना 'मेंबर ऑफ द ऑर्डर ऑफ द फेडरल रिपब्लिक' हा राष्ट्रीय सन्मान मिळाला. माझ्या मते त्यांच्या सिनेमांइतकंच त्या पेठेचंही मोल आहे.

त्यांच्यासारखं पुढे कुणी केलं?

पुष्कळांनी. एमेम इसोंग यांनी कालाबार विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकून पटकथा लिहायला सुरुवात केली आणि १९९०च्या दशकातच निर्मितीत उतरल्या. 'इमोशनल क्रॅक' (२००३) हा त्यांचा गाजलेला सिनेमा. घरातली मारहाण आणि एका स्त्रीचं दुसऱ्या स्त्रीकडे ओढलं जाणं, दोन्ही त्यात आहेत. पुढे लागोसमध्ये त्यांनी रॉयल आर्ट्स अकॅडमी उभी केली, तिथे निर्मितीबरोबर प्रशिक्षणही चालतं. 'अयाम्मा' (२०१६) हा त्यांचा संगीतमय सिनेमा इबिबिओ लोकांच्या जुन्या राज्यात घडतो.

'चेकमेट'च्या नायिका एगो बोयो स्वतः निर्मात्या झाल्या. २०१९चा 'द घोस्ट अँड द हाउस ऑफ ट्रूथ' त्यांचा. आणि फुंके अकिंदेले. 'जेनिफा' (२००८) त्यांनी स्वतः लिहिला, त्यात स्वतः काम केलं. डिसेंबर २०२३मध्ये लागलेल्या त्यांच्या 'अ ट्राइब कॉल्ड जुडाह'ने नायजेरियाच्या चित्रपटगृहांत १०० कोटी नायरांचा टप्पा ओलांडला. हे तिथे प्रथमच घडलं.

तिथले सिनेमे इंग्रजीत का असतात? आपल्या हिंदी सिनेमाचा काही संबंध?

देशात शेकडो भाषा, त्यामुळे इंग्रजी सर्वांना जोडते. पण त्याची किंमतही मोजावी लागली. जेनेव्हिव्ह न्नाजी यांचा 'लायनहार्ट' ऑस्करच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट विभागासाठी, जिथे बहुतांश संवाद इंग्रजीखेरीज दुसऱ्या भाषेत लागतात, पाठवला गेला आणि २०१९ साली बाद झाला, कारण त्यातले बहुतांश संवाद इंग्रजीत होते. ज्या देशाची राजभाषाच इंग्रजी, त्याने दुसऱ्या भाषेत बोलून दाखवावं ही अपेक्षा मला अन्यायाची वाटते.

हिंदीचा संबंध उत्तरेत आहे. कानोमध्ये लेबनीज वितरकांनी आणलेले हिंदी चित्रपट कित्येक दशकं चालले. 'मदर इंडिया' तिथे तीस-पस्तीस वर्षांनंतरही गर्दी खेचत होता. हौसा सिनेमातली गाणी, झाडांभोवतीचं रुसणं-फुगणं, मोठ्यांच्या धाकातलं प्रेम, या सगळ्यात मुंबईच्या स्टुडिओंचा ठसा आहे.

दर्जा कच्चा का वाटतो?

जुन्या सिनेमांत संवादांच्या मागे एक बारीक घरघर ऐकू येते. कान देऊन ऐका. तो जनरेटर आहे. सरकारी विजेचा भरवसा नाही, म्हणून दिवे त्याच्यावर. तो कितीही दूर ठेवला तरी माइक त्याला पकडतोच. दहा-बारा दिवसांत चित्रण संपवायचं, भाड्याचं घर रिकामं करायचं. एक चांगला क्षण त्या घरघरीत गेला तर पुन्हा घ्यायला वेळ नाही. हे समजलं की कच्चेपणाकडे पाहायची नजर बदलते. आजच्या मोठ्या निर्मितीत हा आवाज राहिलेला नाही.

आता पैसा कुठून येतो?

२००४च्या सुमारास लागोसमध्ये नवी बहुपडदा चित्रपटगृहं सुरू झाली आणि कॅसेटबाहेरचा रस्ता खुला झाला. नंतर इंटरनेटवर सिनेमे दाखवणारे आयरोको टीव्ही, नेटफ्लिक्स आले. अ‍ॅमेझॉनही आलं, पण २०२४च्या सुरुवातीला त्याने आफ्रिकेतल्या नव्या निर्मितीतून अंग काढून घेतलं. आता कित्येक निर्माते थेट यूट्यूबवर स्वतःच्या वाहिन्या चालवतात. लोकसंख्या २० कोटींच्या वर आणि पडदे मात्र मोजके, हा मूळ पेच अजून सुटलेला नाही.

मराठी पटकथाकाराने निर्माता व्हावं का?

सर्वांनी व्हावं असं मी म्हणणार नाही. आपल्याकडे २०१२च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात लेखकाचा स्वामित्वधनाचा हक्क राखून ठेवला आहे, तो चित्रपटगृहाबाहेरच्या वापरासाठी सोडून देता येत नाही. तेव्हा आधी करार नीट वाचा, पटकथेची नोंदणी करा. आणि एकदा तरी स्वतःच्या पटकथेचं अंदाजपत्रक स्वतः काढा, पानागणिक.

पाहायला सुरुवात कुठून करू?

२०२० साली रॅम्सी नोआ यांनी 'रॅटलस्नेक: द अहान्ना स्टोरी' नावाने तो सिनेमा नव्याने केला. तो आधी बघा, डोळ्यांना सोपा जाईल. मग १९९५चा मूळ शोधा. चित्र पुसट असेल, रंग उडालेले असतील. अहान्नाचा काका घरात शिरतो आणि त्या घरावर हक्क सांगू लागतो, त्या प्रसंगांकडे नीट लक्ष द्या: कोण उभं आहे, कोण बसलं आहे, आणि मुलगा कुठे आहे.